स्कायरिममधली यादवी: बाजू कधी निवडावी, काय वाचून निवडावी

स्कायरिम हा व्हिडिओ गेम सुरू होतो तो तुमच्या शिरच्छेदाने: हेल्गेन गावात ड्रॅगन उतरतो, मानेवरची कुऱ्हाड टळते आणि धुराळ्यातून दोन माणसं दोन वाटांनी हाका मारतात. हॅडवार हा साम्राज्याच्या फौजेचा, म्हणजे लीजनचा, शिपाई, रालॉफ हा बंडखोर स्टॉर्मक्लोक. नवे खेळाडू ज्याच्यामागे धावले त्याचीच बाजू आपण घेतली असं समजून पुढे खेळत राहतात. तसं काहीही होत नाही. हॅडवारबरोबर गेलात तर रिव्हरवूडमध्ये त्याचा काका, लोहार अल्वोर, जेवायला घालतो. रालॉफबरोबर गेलात तर त्याची बहीण गेर्डूर घालते. दोन्ही घरं एकाच गावात आहेत, आणि दोन्हीकडून कुठल्याही पक्षात जाता येतं. खरा दरवाजा बराच पुढे, एक प्राचीन मुकुट कुठल्या तरी सेनापतीच्या हाती दिला की बंद होतो. तोवर हातात भरपूर वेळ आहे, आणि तो वेळ कसा वापरायचा हेच इथे सांगायचं आहे.

क्वेस्टची, म्हणजे खेळातल्या कामगिऱ्यांची, नावं आम्ही देवनागरीत दिली आहेत. पडद्यावर ती इंग्रजीतच दिसतील, उच्चारावरून जुळवून घ्या.

आधी सेव्हची सोय

बेळगाव, खानापूर, निपाणी पट्ट्यात पावसाळ्यात लाईट कधी जाईल याचा नेम नसतो, त्यामुळे सेव्ह करायची सवय बहुतेकांना असते. पण इथे क्विकसेव्हवर विसंबू नका, कारण नवा क्विकसेव्ह जुन्यावर बसतो. ऑटोसेव्हही मोजकेच ठेवले जातात, आणि चार दरवाजे ओलांडले की जुना गेलाच. या युद्धासाठी मेनूतून तीन वेगळे सेव्ह करा: पहिला शपथ घेण्याआधी, दुसरा कोर्वान्जुंडच्या भुयारातून मुकुट हाती आल्यावर, तिसरा व्हाइटरनच्या जार्लपुढे (जार्ल म्हणजे तिथला सरदार) निरोप ठेवण्याआधी. हे तिन्ही शेवटपर्यंत पुसू नका.

भांडण नेमकं कशाचं

तारखा थोड्याच आहेत, पण पाठ हव्यात. खेळ सुरू होतो चौथ्या युगाच्या २०१ साली. त्याच्या तीस वर्षं आधी, १७१ साली, एल्फांच्या आल्डमेरी डोमिनियनने साम्राज्यावर चढाई केली. डोमिनियन चालवणारा गट म्हणजे थाल्मोर. १७४ मध्ये साम्राज्याची राजधानी पडली. पुढच्या वर्षी सम्राट टायटस मीड दुसरा याने लाल वर्तुळाच्या लढाईत ती परत घेतली, पण फौज पार झिजून गेली होती. त्याच १७५ साली व्हाइट-गोल्ड कॉन्कोर्डॅट हा तह झाला. त्यातली तीन कलमं महत्त्वाची: टॅलोसच्या पूजेवर बंदी, हॅमरफेलचा दक्षिण भाग डोमिनियनला, आणि ब्लेड्स ही सम्राटाची संघटना बरखास्त.

टॅलोस म्हणजे देवपदाला पोचलेला टायबर सेप्टिम, साम्राज्याचा संस्थापक. म्हणजे साम्राज्याने आपल्याच मूळपुरुषाची पूजा बंद करण्यावर सही केली. नॉर्ड, म्हणजे स्कायरिमच्या स्थानिक, लोकांच्या मनातली जखम इथे आहे. करांची किंवा जमिनीची तक्रार या युद्धात फारशी ऐकू येत नाही.

हॅमरफेलने तह मानला नाही. साम्राज्याने त्याला वाऱ्यावर सोडलं, तरी तो प्रांत एकटा लढला आणि १८० साली डोमिनियनला माघार घ्यायला लावली. स्टॉर्मक्लोक बाजूचा हा सगळ्यात भक्कम युक्तिवाद आहे, पण खेळात तो कोणी नीट मांडत नाही. तुम्हीच लक्षात ठेवा. साम्राज्याची उलट बाजूही तितकीच खरी: फुटलेल्या प्रांतांना डोमिनियन एकेक करून गिळेल, दुसरं युद्ध अटळ आहे आणि तोवर फौज उभी करायला उसंत हवी.

मधला दुवा मार्कार्थचा. १७४ मध्ये, साम्राज्य युद्धात गुंतलेलं असताना, रीच भागातल्या मूळ लोकांनी मार्कार्थ घेतलं. १७६ मध्ये उल्फ्रिक स्टॉर्मक्लोकने, आजच्या बंडखोरांच्या म्होरक्याने, स्वतःची माणसं घेऊन ते परत मिळवलं. त्याचा मोबदला ठरला होता टॅलोसची खुली पूजा. थाल्मोरला कळताच शब्द फिरवला गेला आणि उल्फ्रिक तुरुंगात गेला. त्या रीचवासीयांचे वारस म्हणजे आज डोंगरात दिसणारे फॉरस्वॉर्न. उल्फ्रिकला मुक्तिदाता म्हणण्याआधी त्यांच्याकडे एकदा बघा.

ऐकायला शिका

सीमाभागातल्या वाचकाला एक गोष्ट वेगळी शिकवावी लागत नाही. एका शहराची दोन नावं असली की कोण कुठलं नाव घेतो यावरून निम्मं कळतं. बेळगाव म्हणणारा आणि बेळगावी म्हणणारा खडेबाजारात एकाच दुकानातून कुंदा घेतात, पण दुकानाच्या पाटीवर कुठली लिपी वर आहे हे दोघांच्याही नजरेतून सुटत नाही. आपला सीमाप्रश्न १९५६ च्या राज्य पुनर्रचनेपासून सभा, मोर्चे, निवडणुका आणि २००४ पासून सर्वोच्च न्यायालयातला दावा या वाटेने चालला आहे. त्याची तलवारीच्या युद्धाशी बरोबरी करू नये, आम्हीही करत नाही. उपयोगी आहे ती कानाची सवय.

स्कायरिममध्ये ती पाटी म्हणजे एक आकडा: आठ की नऊ. हेल्गेनमध्ये शिरच्छेदाआधी पुजारीण आठ देवांचा आशीर्वाद द्यायला लागते, आणि एक कैदी टॅलोसचं नाव घेऊन तिला गप्प करतो. तिथून पुढे कोण आठ म्हणतो आणि कोण नऊ, हे ऐकत चला. साम्राज्याचं ठाणं असलेल्या सॉलिट्यूडच्या देवळात नववी जागा रिकामी दिसेल. उल्फ्रिकच्या विंडहेल्ममध्ये टॅलोसचं देऊळ उघडं आहे. व्हाइटरनमध्ये त्याच्या पुतळ्याखाली एक पुजारी दिवसभर घसा फोडून प्रवचन देतो आणि त्याला कोणी अडवत नाही. तिन्ही शहरांचं राजकारण या तीन दृश्यांत आलं.

शपथेआधीची फेरी

चार ठिकाणं करा. घाई असेल तर दोन तास, सावकाश खेळलात तर एक रविवार.

रिव्हरवूडमध्ये अल्वोर आणि गेर्डूर दोघांशीही बोला. अल्वोरचं म्हणणं विशेष ऐका: त्याच्या लहानपणी बंदी कागदावरच होती, घरोघरी टॅलोसचं छोटं देवघर असायचं. उल्फ्रिकने गाजावाजा केल्यावर सम्राटाला कारवाई करणं भाग पडलं आणि रात्री-अपरात्री माणसं उचलून नेणं सुरू झालं. साम्राज्याकडे झुकलेला माणूसही हे नेणं लपवत नाही, हे महत्त्वाचं.

सॉलिट्यूडच्या वेशीत पहिल्यांदा शिरताच रॉगव्हीरचा शिरच्छेद चालू असतो. महाराजा टोरिगला मारून पळणाऱ्या उल्फ्रिकसाठी त्याने दरवाजा उघडला, हा त्याचा गुन्हा. नंतर त्याची बहीण ग्रेटा हिला शोधा, ती भावाचा टॅलोसचा ताईत आणून द्यायला सांगते. मग ब्लू पॅलेसमध्ये दरबारची जादूगार सिबिल स्टेंटॉरशी बोला. तिच्या मते टोरिगला उल्फ्रिकबद्दल आदर होता. उल्फ्रिकने सरळ विचारलं असतं तर टोरिगने स्वतंत्र होण्याचा विचार केला असता. आमच्या मते या युद्धातलं हे सगळ्यात जड वाक्य आहे, आणि मुख्य कथेतून जाणाऱ्याला ते कधीच ऐकू येत नाही.

विंडहेल्ममध्ये शिरताना एका डार्क एल्फ बाईला दोन नॉर्ड दरडावताना दिसतील. तिथून डार्क एल्फांच्या वस्तीत, ग्रे क्वार्टरमध्ये जा, मग गोदीवर. आर्गोनियन, म्हणजे सरड्यासारख्या, लोकांना तटबंदीच्या आत राहू देत नाहीत, ते गोदीवरच राबतात आणि तिथेच झोपतात. हे बघून मगच उल्फ्रिकच्या दरबारात पाय ठेवा. त्यालाही टोरिगबद्दल विचारता येतं: शाउटने (ड्रॅगनांच्या भाषेतल्या जादूच्या गर्जनेने) टोरिगला फक्त खाली पाडलं, जीव गेला तो तलवारीने, असं तो सांगतो. नॉर्ड रीतीप्रमाणे आव्हान देऊन लढलो, हा त्याचा दावा. शाउट शिकलेल्याने न शिकलेल्या पोराला आव्हान द्यावं का, हा सॉलिट्यूडचा प्रश्न.

चौथं ठिकाण व्हाइटरन. कोल्हापूर, गोवा आणि हुबळीचे रस्ते जसे बेळगावात येऊन मिळतात, तसे इथे सगळ्या होल्डचे, म्हणजे स्कायरिमच्या विभागांचे, रस्ते मिळतात. म्हणूनच जार्ल बालग्रूफला तटस्थ राहावंसं वाटतं आणि म्हणूनच त्याला कोणी तटस्थ राहू देत नाही. ग्रे-मेन आणि बॅटल-बॉर्न ही दोन घराणी पूर्वी मित्र होती. आता ग्रे-मेन स्टॉर्मक्लोककडे, बॅटल-बॉर्न साम्राज्याकडे. ग्रे-मेनच्या हरवलेल्या मुलाची क्वेस्ट, 'मिसिंग इन ॲक्शन', जमली तर शपथेआधीच करा. तो कोणाच्या कैदेत आहे हे कळल्यावर तिसऱ्या पक्षाचा चेहरा दिसतो.

तिसऱ्या पक्षाचा कागद

हेल्गेनमध्ये गाडी आत शिरते तेव्हा लीजनचा सेनापती जनरल टुलियस याच्याबरोबर थाल्मोर उभे असतात. बहुतेकांच्या नजरेतून ते निसटतात. ते तिथे का होते याचं उत्तर थाल्मोरच्या वकिलातीत आहे. तिथे मुख्य कथेतली 'डिप्लोमॅटिक इम्युनिटी' ही क्वेस्ट नेते. त्याआधी 'ड्रॅगन रायझिंग', 'द वे ऑफ द व्हॉइस', 'द हॉर्न ऑफ जुर्गन विंडकॉलर' आणि 'अ ब्लेड इन द डार्क' ओळीने पूर्ण लागतात.

मेजवानीला शस्त्रं नेता येत नाहीत. जे आत हवं ते आधी सॉलिट्यूडच्या विंकिंग स्कीव्हर खानावळीत मालबोर्न या वकिलातीतल्या आपल्या माणसाकडे द्या: एक हत्यार, चिलखत, बरं करणारी आठ-दहा औषधं, कुलूप उघडायच्या काड्या. इथे चूक होते ती अशी की माणसं त्याला काहीच देत नाहीत आणि मग आत चाकूवर लढत बसतात. वकिलातीच्या मागच्या अंगणापलीकडे थाल्मोरची वकील एलेनवेन हिचं दालन आहे, तिथल्या पेटीत उल्फ्रिकचं दप्तर सापडेल. पेटी रिकामी करूनच पुढे सरका.

दप्तराचा मथितार्थ असा. १७१ ते १७५ च्या त्या महायुद्धात उल्फ्रिक थाल्मोरच्या कैदेत होता आणि चौकशी एलेनवेननेच केली. राजधानी आपण दिलेल्या माहितीमुळे पडली असं त्याला भासवलं गेलं. प्रत्यक्षात ती आधीच पडली होती. मग त्याला पळू दिलं. मार्कार्थनंतर तो थेट संपर्काला दाद देईनासा झाला. आणि शेवटचा मुद्दा: स्टॉर्मक्लोक जिंकणं थाल्मोरला नको आहे, साम्राज्य जिंकणंही नको आहे, युद्ध रेंगाळायला हवं आहे.

यावरून उल्फ्रिक थाल्मोरचा हस्तक आहे असं सांगत फिरणारे बरेच भेटतील. कागद त्याला उपयोगाचा माणूस म्हणतो, पण सहकार्य न करणारा असंही नोंदवतो. स्वतःला नकळत जो कुणाच्या उपयोगी पडतो तो हस्तक नसतो. हे दप्तर घेऊन उल्फ्रिकपुढे उभं राहायचा मोहही होईल, पण त्यासाठी संवादाचा एकही पर्याय खेळात नाही. ते तुमच्यासाठी आहे, त्याच्यासाठी नाही.

भरती

बेळगावात मराठा लाइट इन्फंट्रीचं केंद्र असल्यामुळे शपथ म्हणजे काय हे इथल्या पुष्कळ घरांना माहीत आहे. खेळातली शपथही तोंडी बोलायची असते. दोन्ही बाजूंचे शब्द एकेकदा नीट वाचा: लीजनमध्ये निष्ठा सम्राटाला वाहिली जाते, स्टॉर्मक्लोकमध्ये उल्फ्रिकला.

लीजनसाठी सॉलिट्यूडच्या कॅसल डूअरमध्ये लेगेट रिक्केला भेटा. ती फोर्ट ह्राग्स्टाडमधले दरोडेखोर साफ करायला पाठवते. परत येऊन टुलियसपुढे शपथ, मग लोहार बेरांडकडून चिलखत. पहिल्या काही पातळ्यांवर असाल तर किल्ल्यातल्या माणसांना बाणाने एकेक करून बाहेर ओढा, सगळ्यांच्या मध्ये उडी घेऊ नका.

स्टॉर्मक्लोकसाठी विंडहेल्मच्या राजवाड्यात गाल्मार स्टोन-फिस्ट. तो उत्तरेच्या समुद्रातल्या सर्पंटस्टोन बेटावर एक आइस रेथ मारायला पाठवतो. हा प्राणी डसून सटकतो, त्यामुळे तलवार हवेतच फिरते. सुरुवातीपासून हातात असलेला 'फ्लेम्स' मंत्र वापरा, आगीपुढे तो टिकत नाही. सर्व्हायव्हल मोड (ज्यात थंडी आणि भूकही लागते) चालू असेल तर त्या पाण्यात पोहणं म्हणजे मरण. जमिनीवरून जेवढं जवळ जाता येईल तेवढं जा, आणि गरम सूप सोबत ठेवा.

मुकुट: परतीची शेवटची वाट

दोन्हीकडे पुढचं काम एकच, 'द जॅग्ड क्राउन'. कोर्वान्जुंडच्या भुयारात प्राचीन राजाचा मुकुट आहे. वर्तुळांच्या दाराशी पुष्कळजण अडतात. उत्तर आतच सापडणाऱ्या काळ्या नखावर कोरलेलं असतं: नख वस्तूंच्या यादीत उघडा, फिरवून तळवा बघा, चित्रांचा क्रम बाहेरच्या वर्तुळापासून आत लावा. अरुंद बोळात आगीचे गोळे किंवा शाउट फेकू नका. आपलेच शिपाई भाजतात आणि उलटतात, या क्वेस्टमध्ये सगळ्यात जास्त वेळा होतं ते हेच.

मुकुट हाती आला की दुसरा सेव्ह. या टप्प्यावर पक्ष बदलता येतो: ज्याने पाठवलं त्याऐवजी समोरच्या सेनापतीकडे मुकुट घेऊन जा, तो तुम्हाला ठेवून घेतो. यानंतर ही सोय नाही.

व्हाइटरन

'मेसेज टू व्हाइटरन' मध्ये लीजनकडून कागदपत्रं न्यायची असतात, उल्फ्रिककडून कुऱ्हाड. कुऱ्हाड ठेवून घेतली तर सलोखा, परत केली तर युद्ध. बालग्रूफ परत करतो. तो युद्धाचं बोलायलाच तयार नसेल तर 'ड्रॅगन रायझिंग' बाकी आहे असं समजा. आधी ते संपवा. त्यातून व्हाइटरनचं थेनपद, म्हणजे मानाचं पद, मिळतं, घर विकत घेता येतं आणि जार्ल बदलण्याआधीचे व्यवहार उरकतात.

लीजनकडून लढाई म्हणजे अडथळे आणि झुलता पूल राखणं. स्टॉर्मक्लोककडून अडथळे फोडणं, पुलाची कळ ओढणं आणि जार्लच्या वाड्यापर्यंत, ड्रॅगन्सरीचपर्यंत जाणं. पडद्यावर शत्रूच्या कुमकेची टक्केवारी दिसते, ती शून्याला आली की काम झालं. कुमक येत राहते म्हणून माणसं घाबरतात. घाबरू नका, आकडा बघा.

स्टॉर्मक्लोक जिंकले तर बालग्रूफ सॉलिट्यूडला जातो आणि गादीवर विग्नार ग्रे-मेन बसतो. शरणागतीनंतर त्या दोघांची जी बोलाचाली होते ती मध्येच तोडू नका, उभं राहून पूर्ण ऐका.

पुढच्या मोहिमा

इथून राजकारण कमी, काम जास्त. साम्राज्याची वाट: पेल, रिफ्ट, विंटरहोल्ड, ईस्टमार्च, शेवटी विंडहेल्म. स्टॉर्मक्लोकची: फॉक्रिथ, रीच, ह्याल्मार्च, हाफिंगार, शेवटी सॉलिट्यूड. प्रत्येक किल्ल्याबाहेर आपली तुकडी थांबलेली असते, तिला भेटूनच हल्ला करा.

दोन कामं वेगळी आहेत. 'अ फॉल्स फ्रंट' मध्ये शत्रूच्या निरोप्याकडचे कागद मिळवून, छावणीत बदलून, शत्रूच्या अधिकाऱ्याला द्यायचे. निरोप्याला मारायची गरज नाही, खिसा कापूनही चालतं. 'कम्पेलिंग ट्रिब्यूट' मध्ये एका कारभाऱ्याला कोंडीत पकडायचं असतं. स्टॉर्मक्लोककडून हे मार्कार्थमध्ये घडतं: रेरेकच्या खोलीत टॅलोसचा ताईत सापडतो, आणि टॅलोससाठी लढणारे तुम्ही टॅलोसच्याच लपून पूजा करणाऱ्याला त्यावरून धमकावता. हे काम करताना थोडं थांबावं, एवढं ते टोचणारं आहे.

तह करायचा असेल तर

यादवी न संपवता मुख्य कथा पुढे नेलीत तर बालग्रूफ आपल्या वाड्यात ड्रॅगन अडकवायला तयार होत नाही, आणि 'सीझन अनएंडिंग' सुरू होते. हाय ह्रोथगार या डोंगरावरच्या मठात दोन्ही पक्ष एका टेबलाभोवती बसतात. पहिला वाद एलेनवेन बसावी की नाही यावर, आणि निर्णय तुमचा. मग अदलाबदल: उल्फ्रिक मार्कार्थ मागतो आणि टुलियस त्याच्या बदल्यात मोबदला. देताना त्या होल्डचा नवा जार्ल कोण होईल हे आधी बघा. मार्कार्थ स्टॉर्मक्लोककडे गेलं तर थोंगव्होर सिल्व्हर-ब्लड, ज्याच्या घराण्याची खाणही आहे आणि तुरुंगही. रिफ्टन साम्राज्याकडे गेलं तर मेव्हेन ब्लॅक-ब्रायर, जिच्या मुठीत शहर आधीच आहे. नकाशावर होल्डचा रंग बदलतो, पण माणसं त्या दोघांच्या हाताखाली जातात.

हा तह मुख्य कथेतला शत्रू असलेल्या अल्डुइन ड्रॅगनचा निकाल लागेपर्यंतचाच असतो. यादवी आधीच संपवली असेल तर ही सभा होतच नाही, आणि खेळातला सगळ्यात चांगला राजकीय प्रसंग हुकतो. पहिल्या खेपेला म्हणूनच आमचा सल्ला स्पष्ट आहे: मुकुटापर्यंत या, मग युद्ध बाजूला ठेवा, मुख्य कथा या सभेपर्यंत न्या. कुठल्याही बाजूला न जाताही मुख्य कथा पूर्ण होते, हेही माहीत असू द्या.

संपल्यावर

साम्राज्य जिंकलं तर विंडहेल्ममध्ये ब्रुनवुल्फ फ्री-विंटर जार्ल होतो, ग्रे क्वार्टरच्या बाजूने बोलणारा एकमेव वजनदार नॉर्ड. स्टॉर्मक्लोक जिंकले तर सॉलिट्यूडची जार्ल, टोरिगची विधवा एलिसिफ तिथेच राहते आणि उल्फ्रिक राजमुकुटासाठी जार्लांच्या मूट सभेची वाट बघतो. हरलेले जार्ल एकाच वाड्यात मुक्कामाला असतात, त्यांना जाऊन भेटा. सगळ्यांत मोकळं बोलणं तिथेच होतं. थाल्मोरची वकिलात मात्र कोणीही जिंकलं तरी जागची हलत नाही. सॉलिट्यूड पडताना टुलियस स्वतःच बोलून दाखवतो की त्यांना हेच हवं होतं.

हरलेल्या बाजूच्या काही छावण्या रानात तशाच उरतात आणि तिथले शिपाई दिसताच अंगावर येतात, तेव्हा जुन्या वाटांवर बेसावध फिरू नका. आणि कोर्वान्जुंडचा सेव्ह जपला असेल तर तो उघडा, मुकुट दुसऱ्या सेनापतीकडे न्या. पाऊस लागला की तेवढं काम पुरतं.